दोन बिलांतून दोन भाव

पाली म्हटले की महाराष्ट्रातल्या बहुतेकांना बल्लाळेश्वर आठवतो, पण ती पाली रायगड जिल्ह्यातली. रत्नागिरी तालुक्यातली पाली मुंबई-गोवा महामार्गावर हातखंब्याच्या पुढे लागते. इथे रस्ता फुटतो. एक लांज्यावरून गोव्याकडे जातो, दुसरा नाणीज, साखरपा करत आंबा घाट चढून कोल्हापूरकडे. कोकण फिरून घाटावर परतणारी गाडी अशा नाक्यावर हमखास थांबते आणि डिकीत कोकमाचे आगळ, फणसपोळी, काजू यांची भर पडते. दहावीच्या मुलांना छळणारा गणिताचा एक धडा अशाच खरेदीपासून सुरू करता येतो.

समजा, एका गिऱ्हाइकाने आगळाच्या ३ बाटल्या आणि फणसपोळीची २ पाकिटे घेतली. बिल झाले ५२० रुपये. बिलावर नुसती बेरीज आहे, भाव लिहिलेले नाहीत. बाटली कितीला पडली? सांगता येत नाही. बाटली १०० रुपयांची असेल तर पाकीट ११० चे. बाटली १४० ची असेल तर पाकीट ५० चे. दोन्ही हिशेब चोख बसतात, आणि असे आणखी कितीतरी बसतील. मागून आलेल्या दुसऱ्या गिऱ्हाइकाने त्याच भावाने २ बाटल्या आणि ५ पाकिटे घेतली व ६४० रुपये दिले. आता मात्र भावांची एकच जोडी अशी उरते, जी दोन्ही बिलांना लागू पडते.

या धड्याचा गाभा एवढाच आहे. दोन गोष्टी माहीत नसतील तर त्यांच्याबद्दल दोन वेगवेगळ्या माहिती हव्यात, आणि दुसरी माहिती खरोखर नवी हवी. पाठ्यपुस्तक अशा जोडीला एकसामयिक रेषीय समीकरणे म्हणते. बालभारतीच्या पुस्तकांत नववीला या विषयाची ओळख होते आणि दहावीच्या गणित भाग १ चा पहिलाच धडा ‘दोन चलांतील रेषीय समीकरणे’ हा आहे. कोकण विभाग दहावीच्या निकालात वर्षानुवर्षे राज्यात पुढे असतो. तरी इथलीही कित्येक मुले शाब्दिक उदाहरण दिसले की ते ऑप्शनला टाकतात. आकडेमोड त्यांना येत असते. अडते ते त्याआधी, मांडणीपाशी.

मांडणीतली पहिली चूक अगदी पहिल्या ओळीत होते. ‘क्ष = बाटली, य = पाकीट’ असे लिहून मुले पुढे धावतात. बाटली ही संख्या नाही. क्ष म्हणजे एका बाटलीची किंमत, रुपयांत; य म्हणजे एका पाकिटाची किंमत, रुपयांत. ही ओळ पूर्ण लिहावी, कंटाळा करू नये. ती लिहिली की ‘३ बाटल्यांचे ३क्ष रुपये’ हे आपोआप सुचते, आणि शेवटी आलेला आकडा कशाचा आहे हा गोंधळ राहत नाही. शाळेच्या पुस्तकात क्ष आणि य यांच्या जागी इंग्रजी अक्षरे असतात, एवढाच फरक.

तर समीकरणे अशी:

३क्ष + २य = ५२० … (१)
२क्ष + ५य = ६४० … (२)

सोडवायचा सर्वांत भरवशाचा मार्ग म्हणजे एका चलाचा लोप करणे. य घालवायचा असेल तर दोन्ही समीकरणांत त्याचा सहगुणक सारखा करावा लागेल. २ आणि ५ यांचा लसावि १०, म्हणून पहिल्याला ५ ने आणि दुसऱ्याला २ ने गुणायचे:

१५क्ष + १०य = २६००
४क्ष + १०य = १२८०

वजाबाकी केली की ११क्ष = १३२०, म्हणून क्ष = १२०. ही किंमत (१) मध्ये घातली तर ३६० + २य = ५२०, म्हणजे य = ८०. बाटली १२० रुपयांना, पाकीट ८० रुपयांना.

यात दोन ठिकाणी पाय घसरतो. गुणताना डावी बाजू गुणली जाते आणि उजवीकडचे ५२० तसेच राहतात, हे एक ठिकाण. दुसरे वजाबाकीचे. खालच्या समीकरणातल्या प्रत्येक पदाचे चिन्ह बदलावे लागते, फक्त पहिल्याचे नाही. खाली ऋण पद असेल तर हमखास चूक होते. ज्याला वजाबाकीत खात्री वाटत नाही त्याने खालच्या समीकरणाला आधीच −१ ने गुणून ते नव्याने लिहावे आणि मग बेरीज करावी. एक ओळ वाढते, पण चिन्हांची चूक जवळजवळ बंद होते.

उत्तराचा ताळा कुठे घ्यायचा, हेही महत्त्वाचे. क्ष ची किंमत (१) मध्ये घालून य काढला असेल तर ताळा (२) मध्ये घ्यावा: २४० + ४०० = ६४०. ज्या समीकरणातून य काढला त्यातच पुन्हा किमती घातल्या तर ते जुळणारच. क्ष चुकीचा असला तरीही जुळेल.

लोप करण्यापेक्षा सोपी वाट कधी मिळते? एखाद्या चलाचा सहगुणक १ असेल तेव्हा. इथे एसटी उपयोगी पडते. मार्च २०२३ पासून राज्यात एसटीच्या गाड्यांत महिलांना अर्धे तिकीट आहे. समजा, रत्नागिरीहून सुटलेल्या गाडीतले सगळे ४४ प्रवासी पालीला उतरले, पूर्ण तिकीट ३० रुपये, अर्धे १५, आणि एकूण भाडे जमले १०२० रुपये. पूर्ण तिकिटे किती, अर्धी किती?

पूर्ण तिकिटांची संख्या क्ष आणि अर्ध्या तिकिटांची य धरली तर क्ष + य = ४४ आणि ३०क्ष + १५य = १०२०. दुसऱ्याला आधी १५ ने भागून घ्यावे. मोठे आकडे विनाकारण अंगावर घेऊ नयेत. उरते २क्ष + य = ६८. पहिल्यावरून य = ४४ − क्ष. ते दुसऱ्यात ठेवले की २क्ष + ४४ − क्ष = ६८, म्हणून क्ष = २४ आणि य = २०. ही आदेशनाची पद्धत. एका समीकरणातून काढलेली किंमत पुन्हा त्याच समीकरणात ठेवली तर ४४ = ४४ एवढेच हाती येते आणि मुले चक्रावतात. ती दुसऱ्या समीकरणात ठेवायची असते.

याच उदाहरणात थोडा बदल करून पाहावा. जमा भाडे १००० रुपये सांगितले असते तर? १००० ला १५ ने नि:शेष भाग जात नाही, आणि प्रवासी अपूर्णांकात येतात. बीजगणिताला त्याचे काही वाटत नाही, ते निमूटपणे उत्तर काढून देते. ते उत्तर अशक्य आहे हे ओळखण्याचे काम माणसाचे. अशा वेळी आकडेमोड तपासावी, आणि ती बरोबर असेल तर मूळ माहिती तपासावी.

आणखी एक बदल अधिक बोलका आहे. एसटीत ७५ वर्षांवरील ज्येष्ठांना २०२२ पासून प्रवास मोफत आहे. त्या ४४ जणांत असे काही आजी-आजोबा असतील तर अज्ञात तीन होतात: पूर्ण, अर्धी आणि मोफत. समीकरणे मात्र दोनच राहतात. २४ पूर्ण, २० अर्धी, मोफत कोणी नाही, हे बसते. २५ पूर्ण, १८ अर्धी आणि १ मोफत, हेही बसते. २६, १६ आणि २ हेसुद्धा. मशीनमधून मोफत प्रवाशांचा आकडा मिळेपर्यंत कोणत्याही हुशारीने हे गणित सुटणार नाही.

बाजारातल्या दोन व्यवहारांवरून भाव काढण्याचे हे कोडे आपल्याकडे फार जुने आहे. राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळात, इ.स. ८५० च्या सुमारास, महावीराचार्य या जैन गणितज्ञाने ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. राष्ट्रकूटांच्या राज्यात आजच्या महाराष्ट्राचा मोठा भाग होता. त्या ग्रंथातले एक उदाहरण असे आहे: ९ महाळुंगे आणि ७ कवठे मिळून १०७ नाणी पडतात, ७ महाळुंगे आणि ९ कवठे मिळून १०१. तर एका फळाची किंमत किती?

९क्ष + ७य = १०७ आणि ७क्ष + ९य = १०१. लसावि काढून इथेही लोप करता येईल, पण ६३ पर्यंत जावे लागेल. सहगुणकांकडे नीट पाहिले तर ते अदलाबदल झालेले दिसतात. अशा जोडीची आधी बेरीज करावी: १६क्ष + १६य = २०८, म्हणजे क्ष + य = १३. मग वजाबाकी: २क्ष − २य = ६, म्हणजे क्ष − य = ३. बेरीज आणि फरक हाती आले की उत्तर तोंडी: महाळुंग ८, कवठ ५. दहावीच्या सरावसंचात असल्या अदलाबदलीची उदाहरणे दिसतात आणि मुले त्यांच्या भल्यामोठ्या सहगुणकांना घाबरतात. खरे तर ती सर्वांत सोपी असतात. सोडवायला बसण्याआधी दहा सेकंद नुसते सहगुणकांकडे पाहावे, ही सवय कोणत्याही सूत्रापेक्षा जास्त कामाची आहे.

बेरीज आणि वजाबाकी दिली असता दोन संख्या काढण्याच्या रीतीला भास्कराचार्यांनी ११५० च्या ‘लीलावती’त स्वतंत्र जागा दिली आहे, तिचे नाव संक्रमण. त्यांचे उदाहरण: बेरीज १०१, फरक २५. दोन्हींच्या बेरजेचे अर्धे ६३, वजाबाकीचे अर्धे ३८. झाले. भास्कराचार्यांच्या घराण्याशी जोडलेला शिलालेख जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. त्यांच्या ‘बीजगणिता’त एकाहून अधिक अज्ञात असतील तर पहिले यावत्तावत् आणि पुढच्यांसाठी रंगांची नावे वापरली आहेत: कालक, नीलक, पीतक. क्ष आणि य लिहिणाऱ्या विद्यार्थ्याला हे जरूर सांगावे. काळा, निळा, पिवळा अशी नावे ठेवली म्हणजे ती अक्षरे परकी वाटेनाशी होतात.

संक्रमण कोकणात थेट लागू पडते ते होडीच्या उदाहरणात. काजळी नदी रत्नागिरीजवळ भाट्याच्या खाडीतून समुद्राला मिळते. समजा, एक होडी ओहोटीच्या प्रवाहाबरोबर १२ किलोमीटर २ तासांत जाते आणि तेवढेच अंतर त्याच प्रवाहाविरुद्ध ३ तासांत कापते. होडीचा संथ पाण्यातला वेग क्ष, प्रवाहाचा य. प्रवाहाबरोबर क्ष + य = ६, विरुद्ध क्ष − य = ४. म्हणून होडी ताशी ५ किलोमीटर, प्रवाह ताशी १. खऱ्या खाडीत ओहोटीचा जोर तासातासाला बदलतो, तो कायम आहे असे इथे धरले आहे. शाब्दिक उदाहरणात अशी न बोललेली गृहीतके नेहमी असतात. ती ओळखता आली की उदाहरण समजले असे म्हणता येते.

आता क्रेमरची पद्धत. जिनिव्हाच्या गॅब्रिएल क्रेमर यांनी १७५० मध्ये ती प्रसिद्ध केली. दहावीला ती निश्चयकांच्या रूपाने येते आणि बहुतेक मुले ती मंत्रासारखी पाठ करतात. पालीच्या बिलांवर ती लावून पाहावी. सहगुणकांचा निश्चयक: ३ × ५ − २ × २ = ११. क्ष साठीचा: ५२० × ५ − २ × ६४० = १३२०. य साठीचा: ३ × ६४० − ५२० × २ = ८८०. भागाकार केले की १२० आणि ८०.

११ आणि १३२० हे आकडे ओळखीचे वाटतात का? लोप करताना ११क्ष = १३२० हीच ओळ आली होती. क्रेमरच्या पद्धतीत निराळे काहीच घडत नाही. लोप एकदाच अक्षरांत करून ठेवला आणि त्याचा साचा बनवला, एवढेच. हे एकदा शेजारी शेजारी लिहून दाखवले की पाठांतराचे ओझे उतरते. मात्र साच्याला एक अट आहे: समीकरणे आधी ‘क्ष, मग य, बरोबरच्या पलीकडे संख्या’ अशा क्रमात लिहिलेली हवीत. ही अट न पाळल्यानेच या पद्धतीतले बहुतेक गुण जातात.

आलेखाची पद्धत उत्तर काढायला तशी कमी सोयीची. उत्तरात अपूर्णांक आला की छेदनबिंदू अंदाजानेच वाचावा लागतो. पण काय चालले आहे ते डोळ्यांना दिसते ते आलेखातच. पहिल्या बिलाची रेषा (४०, २००), (८०, १४०), (१२०, ८०) या बिंदूंतून जाते. दुसऱ्याची (२०, १२०), (७०, १००), (१२०, ८०) यांतून. रेषा काढायला दोन बिंदू पुरतात, तरी तिसरा घ्यावा. तो रेषेवर बसला नाही तर चूक तिथल्या तिथे कळते.

आणि मग हा प्रश्न येतो: दोन रेषा छेदल्याच नाहीत तर? दुसऱ्या गिऱ्हाइकाने ६ बाटल्या आणि ४ पाकिटे घेऊन १०४० रुपये दिले असते, तर ते पहिलेच बिल दुप्पट झाले असते. दोन बिले, पण माहिती एकच. आलेखात एका रेषेवर दुसरी बसते आणि उकली अगणित मिळतात. तेवढ्याच वस्तूंचे त्याने १००० रुपये दिले असते तर रेषा समांतर जातात आणि उकल नाही. पुस्तकातले ‘उकल नाही’ हे उत्तर दुकानात मात्र निरर्थक नसते. त्याचा अर्थ असा की दोघांना एकच भाव लागलेला नाही: जास्त खरेदीवर ४० रुपये सोडले असतील किंवा बेरीज चुकली असेल. दोन्ही प्रसंगी सहगुणकांचा निश्चयक शून्य येतो, म्हणून तो सर्वांत आधी काढून पाहावा.

या सगळ्याचा शाळेबाहेर उपयोग काय, असे पालक विचारतात. पाली परिसरातल्या कलमांच्या बागांतच त्याचे उत्तर आहे. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाच्या शिफारशीनुसार दहा वर्षांवरच्या आंब्याच्या झाडाला शेणखताबरोबर दीड किलो नत्र, अर्धा किलो स्फुरद आणि एक किलो पालाश द्यायचे असते. बाजारात नत्र-स्फुरद सुटे मिळत नाही. मिळतो युरिया, ज्यात ४६ टक्के नत्र असते, आणि डीएपी, ज्यात १८ टक्के नत्र व ४६ टक्के स्फुरद. पालाश वेगळ्या खतातून देता येतो, तो बाजूला ठेवू. युरिया क्ष किलो आणि डीएपी य किलो धरले तर:

०.४६क्ष + ०.१८य = १.५
०.४६य = ०.५

दुसऱ्या समीकरणात एकच चल आहे, म्हणून तिथून सुरुवात करायची. य = १.०९ किलो. एवढ्या डीएपीतून सुमारे ०.२० किलो नत्र येऊन जाते, उरलेल्या १.३० किलोसाठी युरिया लागतो २.८४ किलो. आता जो बागायतदार डीएपीतले नत्र धरत नाही, तो सगळे नत्र युरियातून देतो, म्हणजे झाडामागे ३.२६ किलो. चाळीस कलमांच्या बागेत हा फरक १७ किलो युरियाचा झाला, आणि युरियाची गोणी ४५ किलोची असते. नीट हिशेब केला तर चाळीस झाडांना अडीच गोणी युरिया आणि डीएपीच्या एका गोणीहून थोडे कमी पुरते.

एखाद्याकडे युरिया नसून डीएपी आणि १५:१५:१५ ही दोनच खते असली तर? दुसऱ्या खतात नत्रही १५ टक्के, स्फुरदही १५ टक्के. १५:१५:१५ चे वजन क्ष, डीएपीचे य. दोन्ही समीकरणांना १०० ने गुणून, १५क्ष + १८य = १५० आणि १५क्ष + ४६य = ५०. वजाबाकी केली की −२८य = १००, म्हणजे य ऋण येतो. ऋण वजनाचे डीएपी घालता येत नाही. मुलाने वहीत हे उत्तर काढले तर तो बहुधा खोडरबर उचलेल, पण आकडेमोड अचूक आहे. समीकरण सांगते आहे की या दोन खतांतून ही मात्रा जुळणारच नाही: दोन्हींत नत्राच्या बरोबरीने किंवा त्याहून जास्त स्फुरद आहे आणि झाडाला नत्र स्फुरदाच्या तिप्पट हवे आहे. दुकानात दुसरे खत मागावे लागेल.

सरावासाठी दोन उदाहरणे. पहिले: ३ हेक्टर जमिनीत काही भागात १० बाय १० मीटरवर हापूस लावला, हेक्टरी १०० कलमे, उरलेल्या भागात काजू, हेक्टरी २०० कलमे. एकूण ४२० कलमे लागली, तर कशाखाली किती जमीन? दुसरे: एका माणसाने पालीच्या नाक्यावर ४ बाटल्या आणि ६ पाकिटे घेऊन ९६० रुपये दिले, दुसऱ्याने ६ बाटल्या आणि ९ पाकिटे घेऊन १४४० रुपये. दोघांना भाव एकच लागला, तर तो किती? पहिल्याचे उत्तर हापूस १.८ हेक्टर, काजू १.२ हेक्टर. दुसऱ्यात सोडवायला बसण्याआधी निश्चयक काढावा: ४ × ९ − ६ × ६. तो शून्य येतो, आणि ९६० चे दीडपट १४४० होतात. भाव सांगण्यासाठी तिसरे गिऱ्हाईक यायला हवे, आणि त्याच्या पिशवीत बाटल्या-पाकिटांचे प्रमाण वेगळे हवे.